पाठमोरी कणसरी

दिवाळी सरली की आमच्याकडे धूर येतो. तिकडे पंजाब-हरियाणात भाताची कापणी होते, शेतातली धसकटं पेटवली जातात आणि तो सगळा धूर वाऱ्याबरोबर गाजियाबादला आमच्या गॅलरीपर्यंत येऊन पोचतो. मग दिल्लीतल्या द्वारकेहून लेकीचा फोन येतो. "आई, खिडक्या बंद ठेव हं. आज हवा बिल्कुल खराब आहे. मास्क लावल्याशिवाय खाली उतरू नको. यार, तू ऐकतच नाहीस." मी हो हो म्हणते, फोन ठेवते आणि खिडकी उघडून उभी राहते. डोळे चुरचुरतात, घसा खवखवतो, मागाहून डॉक्टरांची बोलणी खावी लागतात. पण सुगी आली हे या शहरात दुसरं कोण सांगणार? भाजीवाल्याकडे बारा महिने मटार असतो. धूर तेवढा वेळेवर येतो.

लोक या धुराच्या नावानं बोटं मोडतात आणि त्यात त्यांचं काही चुकत नाही. लहान मुलं आजारी पडतात, म्हाताऱ्यांना श्वास पुरत नाही. मला मात्र त्यात पेंढ्याचा वास लागतो. माझ्या आयुष्यातली एक सुगी अजून संपलेली नाही. ती याच घरातली. तेव्हा मामंजी, म्हणजे माझे सासरे, आमच्याकडे राहायला आले होते, आणि त्यांना येत असलेली एक अख्खी कथा आमच्या डोळ्यांदेखत नाहीशी होत गेली.

आम्ही कोकणा. असं म्हटलं की दिल्लीतली मराठी मंडळी लगेच मासे आणि नारळ काढतात. गणपतीच्या कार्यक्रमात मला दर वर्षी कुणी ना कुणी सोलकढीची कृती विचारतं. मग सांगावं लागतं, अहो, समुद्र आमच्यापासून लांब. आम्ही सुरगाण्याकडच्या डोंगरातले, कोकणा नावाची आदिवासी जमात आहे, आमची बोलीही वेगळी. ऐकणारा "अच्छा, अच्छा" म्हणतो आणि पुढच्या वर्षी पुन्हा सोलकढी विचारतो. मी स्वतः नाशिक शहरात वाढले. वडील पोस्टात होते. घरात बोली यायची ती आजोळची माणसं आली की. त्यामुळे मामंजींचं बोलणं मला कळायचं, पण बोलायला गेले की जीभ अडखळायची. इथंही त्यांचं बोलणं मी माझ्या शहरी मराठीत उतरवते आहे. त्याचं वाईट वाटतं, पण दुसरा इलाज नाही.

मामंजी थाळीवर कथा सांगायचे. काशाची थाळी, तिच्या मधोमध मेणाचा गोळा आणि त्या मेणात उभी खोचलेली एक लांब वाळकी काडी. राखेत बोटं बुडवून ती काडी वरून खाली ओढली की थाळी घुमायला लागते. बंद खोलीत भुंगा शिरावा तसा तो आवाज. त्या आवाजावर ते कणसरीची कथा सांगत. कणसरी म्हणजे धान्याची देवी. माणसं माजली, त्यांनी धान्य पायाखाली तुडवलं, म्हणून ती रुसून निघाली. ती पुढे आणि आमचे पूर्वज तिच्या मागे. ज्या डोंगरावर ती टेकली तिथं आमचा एक पाडा बसला, जी नदी तिनं ओलांडली ती आमची नदी झाली. कुणी पहिलं रान साफ केलं, कोणतं कूळ कुठून येऊन मिळालं, कोणत्या वर्षी काय खाऊन माणसं जगली, सगळं त्या वाटेवर होतं. आमच्या लोकांचा दुसरा इतिहास नाही. कुणी लिहिलेला नाही, कुणी लिहिणारही नव्हतं.

शेवटी कणसरी एका शेताच्या बांधावर पाठ करून बसते. तिला नावांनी आळवायचं असतं. नागलीच्या जाती, वरईच्या जाती, भाताच्या जाती, जेवढी धान्यं आमच्या लोकांनी कधी काळी पेरली त्या सगळ्यांची नावं एकामागून एक घ्यायची. नावागणिक ती थोडी थोडी वळते. शेवटचं नाव घेतलं की उठते आणि खळ्यात येते. मग कथा संपते आणि नवं धान्य चुलीवर चढतं. तोवर घरात कुणी नवं धान्य खात नाही.

प्रत्येक पाड्याची कणसरी वेगळ्या वाटेनं येते, असं मामंजी म्हणत. शेजारच्या गावच्या सांगणाऱ्याला आमची वाट ठाऊक नसते आणि आम्हाला त्याची. आमच्या पाड्याची वाट येणारे दोघेच उरले होते, मामंजी आणि त्यांचे सोबती. सोबती म्हणजे हुंकारा देणारा. कथेची ओळ संपली की समोरच्यानं "हां" म्हणायचं. त्या "हां"शिवाय सांगणारा पुढे जात नाही. हुंकारा नुसता आवाज नव्हे. ऐकलं, पटलं, ठेवून घेतलं, आता पुढचं दे, असं सगळं त्यात असतं. ते सोबती आदल्या उन्हाळ्यात वारले. पाड्यातली तरुण माणसं द्राक्षाच्या बागांत मजुरीला गेली होती, खळी ओस पडली होती. तशात गणपतीच्या सुमारास मामंजींना अर्धांगाचा झटका आला. हे गावी गेले आणि त्यांना घेऊन आले. सोबत कपड्यांचं एक बोचकं आणि धोतरात गुंडाळलेली थाळी.

तेव्हाचं गाजियाबाद आठवलं की मला वाळूचे ढीग आठवतात. देशात नवीन वारं सुटलं होतं, सगळ्यांना घर हवं होतं, आणि दिल्लीत न परवडणारी आमच्यासारखी माणसं यूपी बॉर्डर ओलांडून इथं येत होती. आमची सोसायटी अर्धी बांधून झाली होती. जिन्याला कठडा नव्हता. पाण्याची मोटर दिवसातून दोनदा गुरगुरायची आणि ती गुरगुरली की बायका हातातलं काम टाकून बादल्या भरायला पळायच्या. हे चार्टर्ड बसनं दिल्लीला ऑफिसला जायचे आणि येताना बसमधल्या गप्पा घेऊन यायचे, कुणी गाडी बुक केली, कुणाच्या घरी केबल आली. मागच्या खिडकीतून शेतं दिसायची. दर आठवड्याला त्यातल्या एखाद्या शेतात चुन्याच्या रेघा पडायच्या. चुन्याची रेघ पडली की समजायचं, गेलं. मग तिथं मोठा बोर्ड लागायचा. त्यावर निळं पाणी, हिरवळ आणि हसणारं गोरं कुटुंब. मला तेव्हा त्या बोर्डाचा आनंदच व्हायचा. आपण बरोबर जागी घर घेतलं असं वाटायचं.

मामंजी त्या खिडकीशी बसून असायचे. उजवा हात जड झाला होता, बोलणं बरंचसं ठीक होतं, फक्त अधूनमधून एखादा शब्द निसटायचा. कपाला "ते" म्हणायचे, चष्म्याला "डोळ्यांचं". हॉस्पिटलमध्ये डॉक्टरांनी यांना बाजूला घेतलं. "देखिए, छोटे-छोटे झटके आते रहेंगे. हर बार थोड़ा-थोड़ा जाएगा. पहले नाम जाएँगे." मी शेजारीच उभी होते.  घरी येताना रिक्षात हे एका हातानं मामंजींना धरून बसले होते.

मामंजींना कुणी काही सांगितलं नव्हतं, पण त्यांना कळलं होतं. दसरा झाला आणि एका सकाळी ते म्हणाले, "रामदास, मला कथा सांगायची आहे. आता नाही सांगितली तर राहील."

यांना केवढा आनंद झाला. संध्याकाळी नवाकोरा टेपरेकॉर्डर आणि कॅसेट घेऊनच घरी आले. "बाबा, तुम्ही सांगा. हा सगळं ठेवून घेईल. पुढं शंभर वर्षं राहील."

मामंजींनी यंत्र उलटसुलट करून पाहिलं. मग विचारलं, "आणि नवं धान्य कुठंय?"

इथं सगळं अडलं. कथा सुरू करायची तर नव्या सुगीचं धान्य समोर हवं, तेही देठासकट, कणसासकट. खळ्यावर ते असतंच, त्यामुळे गावी हा प्रश्न कधी पडलाच नव्हता. यांनी स्वयंपाकघरातून तांदळाची पिशवी आणून ठेवली. "हे काय, धान्यच आहे की." मामंजींनी मूठभर तांदूळ घेतले, पाहिले, परत पिशवीत सोडले. "देठ कुठंय याचा? ही कणसरी कुठून आली तेच मला ठाऊक नाही. हिला मी कुठल्या वाटेनं बोलावू?"

"बाबा, दिल्लीत कुठून आणू कणसं?"

"बाहेर शेतं आहेत ना."

शेतं होती, आणि नव्हती. मी आणि हे रविवारी हिंडायला लागलो. मंडीत गेलो तर पोती. मागच्या गावात गेलो तर भात कधीच कापून झालेलं, कारण बिल्डरला जमीन लवकर द्यायची होती. एका शेतात तर कापणीचीही वाट पाहिली नव्हती. उभ्या पिकात ट्रक घातला होता. पुढच्या गावात नुसत्या भिंती. दिवाळी आली, गेली. दरम्यान मामंजींना आणखी एक बारीक झटका येऊन गेला असावा. एके दिवशी ते सकाळी उठले आणि त्यांना माझं नाव येईना. माझ्याकडे बघत राहिले आणि मग "पोरी" म्हणाले. त्यानंतर मी पोरीच राहिले.

मी यांच्याशी भांडले. म्हटलं, त्यांना सांगा, धान्य आणलं, खोटं सांगा. हे म्हणाले, "तू सांग." मी चहा घेऊन त्यांच्यासमोर गेले आणि मला सांगता आलं नाही. आयुष्यभर जो माणूस नियमानं कथा सांगत आला त्याला आम्ही फसवायचं तरी कसं? आज वाटतं, देवी सुद्धा रागावली नसती. पण हे आजचं वाटणं आहे. तेव्हा आम्ही दोघंही त्या नियमाच्या आत उभे होतो.

शेवटी आम्हाला एक उभं शेत सापडलं. पंपहाऊसच्या मागे, दोन अर्धवट इमारतींच्या मधे, लहानसं. भावाभावांत कोर्टकचेरी चालली होती म्हणून ते विकलं गेलं नव्हतं. डोक्यावर पदर घेतलेली एक बाई विळा घेऊन एकटीच कापत होती. मी तिला माझ्या मोडक्या हिंदीत सांगितलं की आमच्या म्हाताऱ्याला पूजेसाठी ओंब्या हव्यात, मुळासकट.

तिनं मला खालून वरपर्यंत पाहिलं. "फ्लैटवाली हो?"

"हां जी."

"तुम्हारे यहाँ भी पूजा होती है धान की?" ती हसली. मग वाकून तिनं भाताची एक चूड, मूठभर ताटांचा झुबका, मातीसकट उपटली आणि माझ्या हातात दिली. "ले जाओ, बहन. अगले साल तो यहाँ तुम्हारे जैसे ही रहेंगे."

हे म्हणाले, "कौन-सा धान है? नाम क्या है इसका?" मामंजी विचारतील हे यांना ठाऊक होतं.

"नाम क्या होगा, भैया. बीज की दुकान से लाए थे. कोई नंबर है."

घरी आणलं तेव्हा मामंजींनी ती चूड डाव्या हातानं कपाळाला लावली आणि बराच वेळ तशीच धरून ठेवली. मुळांची माती त्यांच्या सदऱ्यावर सांडत होती. मी झाडायला गेले तर त्यांनी हात अडवला. त्यांनी नाव विचारलं. हे म्हणाले, "इथलंच आहे, बाबा." त्यांनी मान हलवली. तेवढ्यावर भागलं.

पुढच्या रविवारी सकाळी आंघोळ करून ते हॉलमध्ये बसले. फरशी मी शेणानं सारवू शकत नव्हते, पण पुसून घेतली होती. समोर ती भाताची चूड, थाळी, राख. यांनी टेपरेकॉर्डर लावला, लाल बटण दाबलं आणि बोट ओठावर ठेवून मला गप्प बसायची खूण केली. डाव्या हातानं का होईना, थाळी घुमली. मामंजींनी पहिली ओळ म्हटली आणि थांबले.

आम्ही दोघंही गप्प. त्यांनी तीच ओळ पुन्हा म्हटली. पुन्हा थांबले.

"बाबा, म्हणत राहा ना. टेप चालू आहे."

"कुणाला सांगू?"

"याला सांगा."

मामंजींनी त्या यंत्राकडे पाहिलं. "हा हां म्हणत नाही."

मग हे हुंकारा द्यायला बसले. पण यांचं सगळं लक्ष कॅसेट फिरते आहे की नाही याकडे. ओळ अर्धी असतानाच "हां, हां" करायचे, फोनवर बोलल्यासारखं. एकदा चुकून "अच्छा" म्हणाले. मामंजींनी काडीवरचा हात काढला आणि मुलाकडे असं पाहिलं की मला बघवेना. मी उठले, यांना बाजूला केलं आणि समोर बसले. बायकांनी हुंकारा द्यावा की नाही हे मला माहीत नव्हतं. मी विचारलंही नाही. मामंजींनी पहिली ओळ घेतली, संपवली, माझ्याकडे पाहिलं. मी म्हटलं, "हां."

तो रविवार मला जन्मभर पुरेल. बोलताना ज्यांना कप म्हणता येत नव्हता ते मामंजी गाताना कुठेही अडखळत नव्हते. वाट उलगडत होती. डोंगर येत होते, नद्या येत होत्या, माणसांची नावं येत होती, त्यातली काही माझ्या माहेरच्या कुळातली होती आणि मी ती आयुष्यात पहिल्यांदा ऐकत होते. मी कोण, कुठली, हे मला गाजियाबादच्या फरशीवर बसून कळत होतं. अर्थ सगळा लागत नव्हता. पण ओळ कुठे संपते हे अंगाला कळायला लागलं होतं आणि मी बरोबर जागी हां म्हणत होते. एकदा तर ते सांगता सांगता हसले. खाली मोटर सुरू झाली, मी बादल्या भरायला उठले नाही. हे हळूच उठून कॅसेटची बाजू बदलून आले.

आणि कणसरी बांधावर येऊन बसली. पाठ करून. आता नावं.

पहिलं आलं. दुसरं आलं. पाच-सहा आली असतील. मग थाळी घुमत राहिली आणि ओळ येईना. मामंजींनी मागची ओळ पुन्हा घेतली, धावत येऊन उडी मारण्यासाठी चार पावलं मागे जावं तशी. नाव येईना. "हे," ते म्हणाले. "हे... हे..." काडी सोडून डाव्या हातानं त्यांनी समोरची ओंबी चाचपली. तिच्याकडून तरी काय मिळणार होतं? तिला स्वतःलाच नाव नव्हतं.

 आम्ही दोघं त्यांच्या तोंडाकडे बघत होतो. टेप चालू होता. बटण दाबायला कुणी उठलं नाही, उठलो असतो तर आशा सोडल्यासारखं झालं असतं.

शेवटी मामंजींनी हात खाली घेतला. "पुढच्या रविवारी पहिल्यापासून घेऊ," ते म्हणाले. कथा मधून सुरू करता येत नाही, राहिली तर पुन्हा पहिल्या ओळीपासून. मग त्यांनी कॅसेटकडे बोट दाखवलं. "आणि हिच्यात अर्धी ठेवू नको. अर्धी ठेवली तर ती बांधावरच राहील."

हे म्हणाले, "नाही ठेवत बाबा. पुरी झाली की मगच ठेवू."

आणि पुढच्या रविवारी यांनी तीच कॅसेट मागे फिरवली आणि लाल बटण दाबलं.

मी पुष्कळदा विचार करते की दुसऱ्या कुणी ही चूक केली असती का. शिकलेला संशोधक असता तर त्यानं पहिली कॅसेट जपून कपाटात ठेवली असती आणि दुसरी लावली असती. पण तो संशोधक मामंजींचा मुलगा नसता. आम्हाला देवी अर्ध्या वाटेवर कोंडायची नव्हती. आम्हाला ती घरात आलेली हवी होती.

दुसऱ्या रविवारी कणसरी बांधापर्यंत पोचली, पण एकही नाव आलं नाही. तिसऱ्या रविवारी ती शेवटच्या नदीपाशी राहिली. नदीचं नाव गेलं होतं आणि नाव घेतल्याशिवाय ती ओलांडता येत नव्हती. पुढे थंडी वाढली, धुकं पडायला लागलं, हॉलमध्ये सतरंजी आली, मामंजींच्या डोक्याला माझा मफलर आला. दर रविवारी थाळी घुमायची आणि दर रविवारी कथा अलीकडेच थांबायची. शेवटाकडून ती झिजत होती. आज एक डोंगर गेला, पुढच्या खेपेला एक पाडा. मी बरोबर जागी हां म्हणायला टपून बसलेली असायचे आणि जागाच नाहीशी झालेली असायची. मला ओरडावंसं वाटायचं. मधल्या वारी मी त्यांना भाजी निवडता निवडता विचारायचे, "मामंजी, त्या नदीचं नाव काय हो?" ते हसून मान हलवायचे. थाळीशिवाय, ओळीशिवाय, सुटं असं त्यांच्याजवळ काही नव्हतंच. मीही रोज सकाळी ऐकलेलं आठवून पाहायचे. मला वळणं आठवायची, नावं आठवायची नाहीत. शहरात वाढलेलं माझं डोकं, त्याला हे शब्द धरायला खुंटीच नव्हती.

आणि कथा थांबली की आम्ही वाट बघत बसायचो. टेप तसाच फिरत राहायचा, बाजू संपून खट्‌कन थांबेपर्यंत. मग हे उठून दुसरी बाजू लावायचे, न जाणो, आठवलंच तर. असं करत पहिल्या रविवारची कथा जिथं होती तिथं आमचं वाट बघणं भरत गेलं. हे आमच्या दोघांच्याही ध्यानात आलं नाही. यांनी ती कॅसेट मामंजी गेल्यावर बऱ्याच वर्षांनी लावली. थाळीचा आवाज आला, पहिली ओळ आली, माझा हां आला. नंतर मोटर, कुणाचं तरी खोकणं, खाली भंगारवाल्याची हाक, माझ्या बांगड्या. दोन्ही बाजू तशाच. हे शेवटपर्यंत ऐकत बसले. मी स्वयंपाकघरात होते, बाहेर आले नाही.

पुढे मी गावीही जाऊन आले. शेजारच्या पाड्यावरच्या एका म्हाताऱ्यांनी त्यांची कणसरी मला ऐकवली. छान होती. पण ती दुसऱ्याच डोंगरांवरून आली, आमच्या कुळांना वाटेत कुठंच भेटली नाही. मी त्यांना आमच्या वाटेबद्दल विचारलं. ते म्हणाले, "ती तुमच्या सासऱ्यांकडे असेल." ज्या शेतातून आम्ही चूड आणली तिथं आता सात मजली इमारत आहे. माझी एक मैत्रीण तिथं राहते. मी तिच्याकडे भिशीला जाते आणि खायला जे देतील ते, धान्य नवं की जुनं न विचारता, खाते. आणखी काय करणार?

पौष लागला तेव्हा मामंजींचं बोलणं पुरतं गेलं होतं. "पोरी" सुद्धा गेलं. रविवारी त्यांना हॉलमध्ये आणून बसवलं की ते थाळीकडे बघत, पण काडीला हात लावत नसत. ओंब्या वाळून गेल्या होत्या, दाणे फरशीवर गळत आणि मी ते झाडून न टाकता वेचून परत तिथंच ठेवत असे. हे यायचे बंद झाले. खाली पार्किंगमध्ये स्कूटर पुसत बसायचे. मी मात्र समोर बसायचे. बाहेर धुकं इतकं, की मागच्या शेतांच्या जागी नुसता पांढरा पट्टा दिसायचा.

त्या रविवारी मी अशीच बसले होते. मामंजींनी माझ्याकडे पाहिलं आणि म्हणाले, "हां."

मला वाटलं, काही हवं असेल. पाणी दिलं, ते घेतलं नाही. पुन्हा म्हणाले, "हां." स्वच्छ, खालच्या सुरात, जसा द्यायचा असतो तसा. मग थांबले, माझ्या तोंडाकडे पाहत. तेव्हा माझ्या लक्षात आलं. त्यांच्याजवळचं सगळं संपलं होतं आणि हुंकारा तेवढा उरला होता. आता सांगायचं मी होतं.

 मला थाळी वाजवता येत नव्हती, चाल येत नव्हती, बोली येत नव्हती. मी माझ्या नाशिकच्या मराठीत, मुलांना गोष्ट सांगतात तसं सुरू केलं. माणसं माजली. "हां." त्यांनी धान्य तुडवलं. "हां." कणसरी रुसली आणि निघाली. "हां." ती डोंगरावर आली, नदीवर आली. मी नदीचं नाव सांगू शकले नाही, त्यांनी ते मला माफ केलं, हां म्हटलं. तिच्या मागून आपली माणसं आली. "हां." त्यांचे डोळे चमकत होते. मी चुकीच्या वाटेनं नेत असेन, कुठले पाडे गाळत असेन, पण ते येत होते माझ्या मागून. आणि मी त्यांना बांधापर्यंत आणलं. कणसरी पाठ करून बसली. "हां."

ते थांबले. मी थांबले.

मला पहिल्या रविवारची ती पाच-सहा नावं आठवेनात. एकही आठवेना. मी म्हटलं, "बासमती." ते गप्प राहिले. मी म्हटलं, "परमल." ते गप्पच. किराणा दुकानात पोत्यांवर लिहिलेलं जे जे मला येत होतं ते मी एकेक करून म्हटलं, आवाज चढवून म्हटलं, रडत म्हटलं. त्यांचे स्वतःचे सगळे शब्द गेले होते, पण ही ती नावं नव्हेत एवढं त्यांना अजून कळत होतं. त्यांनी एकदाही हां म्हटलं नाही. ओठ किंचित उघडे ठेवून, हुंकारा तयार ठेवून, ते माझ्याकडे बघत बसले होते, आणि माझ्याजवळ आणखी एकही नाव नव्हतं.